युद्धाचा पंचनामा

रशियन पत्रकार ॲना पोलित्कोव्हस्काया यांची चेचन्यातल्या युद्धावरची पुस्तके मी पुन्हा पुन्हा वाचत आलो आहे, आणि दर वाचनात एक गोष्ट अधिक ठळक होत गेली आहे: या बाई वाचकाला रडू देत नाहीत. पानापानावर मृत्यू आहे, छळ आहे, बेपत्ता झालेली मुले आहेत आणि त्यांच्या शोधात लष्करी तळाच्या फाटकाशी ताटकळणारे आईबाप आहेत. पण जिथे दुसऱ्या एखाद्या लेखकाने क्षणभर थांबून उसासा टाकला असता, तिथे त्या गावाचे नाव लिहितात, तारीख लिहितात, तुकडी कोणती होती, तिचा प्रमुख कोण होता, सुटकेसाठी किती पैसे मागितले गेले हे लिहितात आणि पुढच्या घराचे दार ठोठावतात. आपल्याकडे एखादी दुर्घटना घडली की पंच बोलावून जागेवर पंचनामा होतो, प्रत्येक वस्तू जिथे पडली असेल तिथे तिची नोंद होते आणि खाली सह्या घेतल्या जातात. पोलित्कोव्हस्काया यांचे लेखन मला त्या जातीचे वाटते. त्या ज्या गावांत जात होत्या तिथे पंचनाम्याला सरकारी माणूस येणारच नव्हता, कारण गुन्हा सरकारी गणवेशातल्या माणसांनीच केलेला होता. म्हणून तो त्यांनी केला.

माझ्या आयुष्यातली बरीच वर्षे मराठी दैनिकाच्या डेस्कवर गेली. त्यामुळे चेचन्या माझ्यासमोर पहिल्यांदा आला तो वृत्तसंस्थेच्या मजकुरातून, रात्री उशिरा, परदेशच्या पानावर उरलेल्या एका कॉलमापुरता. चेचन्याची राजधानी ग्रोझ्नीवर हवाई हल्ले, इतके ठार, इतके जखमी, रशियन लष्कराचा दावा अमुक, बंडखोरांचा तमुक. बातमीत माणूस नसे आणि तेवढ्या जागेत तो मावणारही नव्हता. त्यातून माझ्या पिढीच्या मराठी वाचकाच्या मनातला रशिया अगदी वेगळा होता. लोकवाङ्मय गृहाच्या दुकानातून आणि पुस्तक प्रदर्शनांतून अगदी स्वस्तात मिळणारी, मॉस्कोत छापलेली, सुंदर चित्रांची मराठी पुस्तके वाचत आम्ही वाढलो, आणि त्या पुस्तकांनी दिलेल्या आनंदाचे ऋण मी आजही मानतो. त्याच देशातल्या एका बाईने, आपल्याच सैन्याविषयी, आपल्याच देशबांधवांसाठी लिहिलेली ही पुस्तके हाती आली, तेव्हा त्या जुन्या रशियाला मनातून हाकलून देण्याची गरज मला वाटली नाही. उलट, माणसावर इतका जीव लावणाऱ्या त्या वाङ्मयाची खरी वारसदार हीच, असे वाटले.

चेचन्या हा रशियाच्या दक्षिण टोकाचा, उत्तर कॉकेशसमधला प्रदेश क्षेत्रफळाने साधारण आपल्या अहिल्यानगर जिल्ह्याएवढा. २३ फेब्रुवारी १९४४ या दिवशी स्टालिनच्या हुकमावरून चेचन आणि इंगुश लोकांना घराघरांतून उठवून मालगाड्यांत कोंबण्यात आले आणि मध्य आशियाच्या माळरानावर नेऊन सोडण्यात आले. वाटेत आणि पहिल्या हिवाळ्यांत फार माणसे मेली आणि उरलेल्यांना परतायला १९५७ साल उजाडले. सोव्हिएत संघ मोडत असताना १९९१ मध्ये चेचन्याने स्वातंत्र्य जाहीर केले, डिसेंबर १९९४ मध्ये रशियाने सैन्य घुसवले आणि ऑगस्ट १९९६ मध्ये ते मागे घेण्याचा करार झाला. मधल्या तीन वर्षांत तिथे नीट राज्य असे काही उभे राहिले नाही आणि खंडणीसाठी माणसे पळवणे हा धंदा होऊन बसला. ऑगस्ट १९९९ मध्ये शामिल बसायेव हा चेचन सेनानी शेजारच्या दागेस्तानात घुसला. सप्टेंबरात मॉस्को आणि इतर शहरांतल्या राहत्या इमारती स्फोटांनी कोसळून सुमारे ३०० माणसे मेली. आणि नुकतेच पंतप्रधान झालेल्या व्लादिमीर पुतिन यांनी दुसरे युद्ध सुरू केले. पोलित्कोव्हस्काया यांची पुस्तके आहेत ती या दुसऱ्या युद्धाची. फेब्रुवारी २००० मध्ये ग्रोझ्नी पडले. २००३ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी त्याला पृथ्वीवरचे सर्वाधिक उद्ध्वस्त शहर म्हटले.

त्यांचा जन्म १९५८ सालचा, न्यूयॉर्कमधला. आईवडील संयुक्त राष्ट्रांत काम करणारे सोव्हिएत राजनैतिक अधिकारी. मॉस्को विद्यापीठातून १९८० मध्ये पत्रकारितेची पदवी घेताना त्यांनी मारिना त्स्वेतायेवा या कवयित्रीवर प्रबंध लिहिला होता. युद्धवार्ताहर होण्याची त्यांची तयारी नव्हती आणि तशी इच्छाही नव्हती. जून १९९९ मध्ये त्या ‘नोवाया गझेता’ या वृत्तपत्रात आल्या तेव्हा निर्वासित, अनाथाश्रम, तुरुंग, वृद्धाश्रम असे सामाजिक विषय त्यांच्याकडे असत. संपादकांनी त्यांना चेचन्याला पाठवले ते त्या लष्कराच्या जाणकार नव्हत्या म्हणूनच. रणगाडे आणि डावपेच समजणाऱ्या माणसाऐवजी साध्या नागरिकाच्या नजरेने बघणारे कोणीतरी तिथे जावे, असा त्यामागचा विचार होता. माझ्या मते या एका निर्णयातून त्यांची सगळी पुस्तके जन्मली. युद्धाच्या पुस्तकांत सहसा नकाशे असतात, कोणती टेकडी कोणी घेतली याची वर्णने असतात. इथे तसे फारसे काही नाही. इथे चूल पेटवायला लाकूड कुठून आणले, नाक्यावर किती रूबल द्यावे लागले, तळघरात किती दिवस काढले याच्या नोंदी आहेत.

त्यांच्या पहिल्या पुस्तकात, म्हणजे २००१ साली इंग्रजीत आलेल्या ‘अ डर्टी वॉर’मध्ये, ग्रोझ्नीतल्या एका वृद्धाश्रमाची हकिकत येते. १९९९ च्या हिवाळ्यात शहरावर रात्रंदिवस बॉम्ब पडत होते आणि आश्रमातले म्हातारे आत अडकून पडले होते. त्यांच्यात चेचन होते तसेच रशियनही होते, म्हणजे रशियाचे सैन्य ज्यांना वाचवायला आले असे सांगितले जात होते, अशी माणसेही तिथे उपाशी होती. पोलित्कोव्हस्काया यांनी वृत्तपत्रातून हाक दिली, अधिकाऱ्यांचे दरवाजे झिजवले आणि त्या वृद्धांना बाहेर काढायला भाग पाडले. गोष्ट इथे संपवली असती तर ती एक चांगली बातमी झाली असती. पण त्या पुढेही माग काढत राहिल्या. पुढे त्यांतल्या काहींना पुन्हा ग्रोझ्नीत आणून ठेवले गेले, कारण शहरात सगळे सुरळीत झाले आहे असे कागदोपत्री दाखवायचे होते, आणि तिथे धड पाणी नव्हते, औषध नव्हते, अंथरूण नव्हते. मग पुन्हा वाचकांना आवाहन, पुन्हा कपडे, अन्न, औषधे गोळा करणे, ती घेऊन स्वतः जाणे. एका बातमीमागे इतके दिवस राहणे म्हणजे काय, हे ज्याने रोजचे पान लावले आहे त्याला नेमके कळेल. पान छापले गेले की आपण पुढच्या दिवसाकडे वळतो. ज्यांच्याविषयी ते पान होते ती माणसे मात्र तिथेच असतात.

फेब्रुवारी २००१ मधला खातुनीचा वृत्तांत मला त्यांच्या सगळ्या लेखनाचा गाभा वाटतो. वेदेनो जिल्ह्यातल्या डोंगराळ गावांतल्या कुटुंबांनी सह्या करून एक तक्रार वृत्तपत्राकडे पाठवली होती: खातुनीजवळच्या लष्करी तळावर माणसांना जमिनीत खणलेल्या खड्ड्यांत कोंडतात, मारहाण करतात आणि पैसे घेऊन सोडतात. पोलित्कोव्हस्काया तिथे गेल्या आणि सुटून आलेल्यांना घरोघरी भेटल्या. त्यांत एक आजी होत्या. भर हिवाळ्यात त्यांना कितीतरी दिवस तसल्या खड्ड्यात ठेवले होते. तो इतका उथळ, की त्यात धड उभे राहता येत नसे, आणि खाली नुसती माती. चौकशीच्या वेळी बोटांना तारा लावून विजेचे झटके दिले. नातेवाइकांनी पैसे भरले तेव्हा त्या सुटल्या. हे सगळे सांगताना आजींनी आणखी एक गोष्ट सांगितली आणि पोलित्कोव्हस्काया यांनी ती लिहून घेतली: पहाऱ्यावरच्या एका सैनिकाला दया आली आणि त्याने गालिच्याचा एक तुकडा खड्ड्यात टाकला, तो त्यांनी अंगाखाली अंथरला. सैनिकही माणूसच असतो, असे आजींचे म्हणणे पडले.

त्या गालिच्याच्या तुकड्यापाशी मी नेहमी थांबतो. ज्या लेखिकेला फक्त आरोप करायचा असता तिने हा तपशील वगळला असता, कारण तो आरोपपत्राला सोयीचा नाही. ज्या लेखिकेला फक्त वाचकाचे मन हेलावायचे असते तिने त्यावरच सगळा लेख उभा केला असता, माणुसकी अजून जिवंत आहे वगैरे. पोलित्कोव्हस्काया तो जसा सांगितला तसा लिहितात आणि पुढच्या वाक्यात परत पैशांच्या हिशेबाकडे वळतात. पंचनाम्यात रक्ताचा डाग लिहायचा असतो तशीच बाजूला पडलेली चप्पलही लिहायची असते. त्यामुळेच त्यांचा आरोप मला विश्वासार्ह वाटतो.

गावकऱ्यांचे ऐकून झाल्यावर त्या थेट त्या तळावर गेल्या. तिथल्या कर्नलने त्यांना खड्डे दाखवलेही. परत निघताना मात्र त्यांना सुरक्षा यंत्रणेच्या माणसांनी पकडले, चौकशी केली, मुलांची नावे घेऊन धमकावले आणि रात्री एका अधिकाऱ्याने, आता तुला गोळी घालणार असे सांगून, अंधारात बाहेर नेले. शेजारीच कानठळ्या बसवत रॉकेट सुटली. त्यांची घाबरगुंडी उडवण्यासाठी केलेले ते नाटक होते. हा प्रसंग २००३ सालच्या ‘अ स्मॉल कॉर्नर ऑफ हेल’मध्ये आहे, आणि तो वाचताना लक्षात येते की स्वतःवर गुदरलेला प्रसंगही त्या दुसऱ्या कोणाचा असावा तितक्याच जागेत आटोपतात. आपण दोन-तीन दिवसांत सुटलो, ते लोक तिथेच राहतात, हा त्यांच्या लेखी मुख्य मुद्दा.

याच पुस्तकात युद्धाचे अर्थकारण फार बारकाईने येते, आणि माझ्या माहितीत युद्धाच्या मानवी किमतीविषयी याहून कठोर लेखन नाही. किंमत हा शब्द आपण अशा वेळी अलंकारिक अर्थाने वापरतो. तिथे ती खरोखरची रक्कम होती. गावाला वेढा घालून घरोघर झडती घ्यायची, पुरुषांना उचलून न्यायचे, मग मध्यस्थामार्फत निरोप यायचा की इतके आणा. माणूस जिवंत असेल तर त्याचे पैसे, मेला असेल तर प्रेताचे पैसे. चेचन समाजात मृताला लवकरात लवकर आपल्या माणसांत माती देणे याला फार महत्त्व आहे, आणि नेमक्या त्याच श्रद्धेचा बाजार मांडला गेला. २००१ च्या सुरुवातीला खानकला या मुख्य रशियन लष्करी तळाला लागून असलेल्या दाच्नी या ओसाड वस्तीत ५१ मृतदेह सापडले. मेमोरियल आणि ह्यूमन राइट्स वॉच या मानवी हक्क संघटनांनी त्यांतल्या ओळख पटलेल्यांविषयी जी माहिती गोळा केली तिच्यात अनेक जणांना रशियन सैनिकांनीच ताब्यात घेतल्याचे दिसत होते. अशा वस्तुस्थितीसमोर ‘युद्धात असे होतच असते’ हे वाक्य टिकत नाही. जे होत होते त्याला दर होते, मध्यस्थ होते, वरपर्यंत वाटे होते.

त्यांच्या नोंदींनी काही साध्य झाले का, असा प्रश्न रास्त आहे. एका प्रकरणात तरी झाले. जानेवारी २००१ मध्ये ग्रोझ्नीत एका २६ वर्षांच्या विद्यार्थ्याला पोलिसांनी पकडले, ठाण्यात त्याचा अमानुष छळ झाला आणि तिथून तो कायमचा नाहीसा झाला. सैबेरियातल्या निझ्नेवार्तोव्स्कहून बंदोबस्तासाठी आलेल्या पोलीस तुकडीतला सर्गेई लापिन हा त्यातला मुख्य संशयित. मुलाचे वडील हातात कागद घेऊन कचेऱ्या पालथ्या घालत होते. पोलित्कोव्हस्काया यांनी सप्टेंबर २००१ मध्ये हे प्रकरण नावानिशी छापले आणि त्यानंतर ‘कॅडेट’ या टोपणनावाने ठार मारण्याच्या धमक्या येऊ लागल्या, इतक्या की त्यांना काही काळ व्हिएन्नाला जाऊन राहावे लागले. त्या परतल्या, प्रकरण लावून धरले, स्तानिस्लाव मार्केलोव्ह या वकिलाने मुलाच्या कुटुंबाची बाजू लढवली आणि मार्च २००५ मध्ये ग्रोझ्नीच्या न्यायालयाने लापिनला ११ वर्षांची शिक्षा दिली. चेचन्यात नागरिकाच्या छळासाठी रशियन गणवेशधाऱ्याला झालेल्या मोजक्या शिक्षांपैकी ही एक. मुलगा सापडला नाही, त्याचे प्रेतही सापडले नाही. तरी कोणी, कुठे, कधी याची उत्तरे न्यायालयाच्या दप्तरात गेली, आणि ज्या बापाला प्रत्येक कचेरीने असे काही घडलेच नाही म्हणून परत पाठवले होते त्याच्यासाठी ही लहान गोष्ट नव्हती.

२००४ मध्ये आलेल्या ‘पुतिन्स रशिया’ या पुस्तकाला अनेक जण राजकीय पुस्तक समजतात. मला ते पुस्तक एकसंध वाटत नाही. उरल भागातल्या टोळ्या आणि कारखान्यांच्या मालकीच्या भानगडींवरची प्रकरणे नावांच्या गर्दीत अडखळतात, आणि पुतिन यांच्याविषयीचा राग काही ठिकाणी पुराव्याच्या पुढे धावतो. पण सुरुवातीचे सैन्यावरचे प्रकरण मात्र कोणीही चुकवू नये. त्यात चेचन आया नाहीत, रशियन आया आहेत. एका निवृत्त शिक्षिकेचा अधिकारी मुलगा चेचन्यात मारला जातो, त्याची तुकडी त्याचे प्रेत रणांगणावर टाकून पुढे निघून जाते, आणि त्यानंतर लष्कर त्या आईला एका कचेरीतून दुसऱ्या कचेरीत धाडत राहते. शेवटी स्वतःच्या मुलाचे अवशेष तिलाच शोधून काढावे लागतात. त्या आईने लिहिलेले अर्ज आणि तिला आलेली उत्तरे यांची जोडणी पोलित्कोव्हस्काया अशी करतात की वाचकाला आपोआप दिसू लागते: चेचन बापाला फाटकावरून परत पाठवणारे लष्कर आणि रशियन आईला पत्रातून परत पाठवणारे लष्कर एकच आहे. माणूस नुसता आकडा आहे हे एकदा ठरले की तो कोणाच्या बाजूचा हा प्रश्न उरत नाही.

त्याच पुस्तकात कर्नल युरी बुदानोव्हचे प्रकरण आहे. २६ मार्च २००० च्या रात्री रणगाडा रेजिमेंटच्या या प्रमुखाने तांगी-चू गावातून एका १८ वर्षांच्या मुलीला उचलून नेले आणि गळा दाबून मारले. खटला सुरू झाला तेव्हा देशातल्या मोठ्या वर्गाला तो वीर वाटत होता. एकामागून एक मानसशास्त्रीय तपासण्या झाल्या, गुन्ह्याच्या वेळी त्याला भान नव्हते असे ठरवून त्याला मोकळे करण्याचा प्रयत्न झाला, वरच्या न्यायालयाने तो निर्णय फिरवला आणि जुलै २००३ मध्ये त्याला १० वर्षांची शिक्षा झाली. पोलित्कोव्हस्काया ते तज्ज्ञांचे अहवाल सविस्तर उद्धृत करून तपासतात. वाचायला ते जड जाते. पण एखाद्या समाजाने खुनाला आजार म्हणायचे ठरवले तर ते कोणत्या कागदांवर, कोणाच्या सहीने घडते, हे त्याशिवाय दाखवता आले नसते. चेचन्यातून घरी परतणारे हजारो सैनिक आणि पोलीस तिथे शिकलेले सगळे बरोबर घेऊन येणार आहेत आणि मग ते आपल्याच शहरांत, आपल्याच ठाण्यांत वापरणार आहेत, हे त्या पुन्हा पुन्हा बजावत होत्या. त्यांच्या वाचकांतल्या अनेकांना तेव्हा ती अतिशयोक्ती वाटली.

त्यांच्यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो, तो असा की त्या पत्रकार राहिल्या नाहीत, घटनेतल्या पात्र झाल्या. ऑक्टोबर २००२ मध्ये चेचन हल्लेखोरांनी मॉस्कोतल्या दुब्रोव्का नाट्यगृहात प्रेक्षकांना ओलीस धरले तेव्हा बोलणी करण्यासाठी त्यांनी पोलित्कोव्हस्काया यांचे नाव घेतले. त्या एक पुरस्कार घ्यायला अमेरिकेत होत्या, तिथून तातडीने परतल्या, आत गेल्या आणि ओलिसांसाठी पाणी आणि फळांचा रस आत नेऊ द्या एवढे तरी मान्य करून घेतले. पुढे सुरक्षा दलांनी आत वायू सोडला आणि सुमारे १३० ओलीस मेले, बहुतेक सगळे त्या वायूने आणि वेळेवर उपचार न मिळाल्याने. सप्टेंबर २००४ मध्ये बेस्लानच्या शाळेत मुले ओलीस धरली गेली तेव्हा त्या पुन्हा निघाल्या. विमानात चहा प्यायल्यावर बेशुद्ध पडल्या आणि बेस्लानला पोहोचल्याच नाहीत. विषप्रयोग झाला असेच त्यांचे आणि त्यांच्या डॉक्टरांचे मत होते. बेस्लानमध्ये ३३४ माणसे मेली, त्यांत १८६ मुले होती. बातमीदाराने अलिप्त राहावे हा नियम मी डेस्कवर नव्या मुलांना शिकवला आहे आणि तो आजही योग्य मानतो. तरीही तहानलेल्या माणसांकडे पाणी नेण्याची संधी फक्त एकाच व्यक्तीला असेल आणि तिने ती नियमासाठी नाकारली, तर त्या नियमाचे रक्षण कोणासाठी झाले, याचे उत्तर मला देता येत नाही.

एका गोष्टीकडे त्यांच्या टीकाकारांनी कायम दुर्लक्ष केले. चेचन बाजूच्या क्रौर्यालाही त्यांनी सूट दिली नाही. अपहरणांच्या धंद्यात गुंतलेले चेचन, बसायेवसारखे सेनानी आणि पुढे रशियाच्या आशीर्वादाने सत्तेवर बसवलेल्या कादिरोव्ह घराण्याची खासगी फौज, या सगळ्यांविषयी त्यांनी तितक्याच तपशिलाने लिहिले. मरणोत्तर, २००७ मध्ये आलेल्या ‘अ रशियन डायरी’त रमझान कादिरोव्हच्या भेटीचा वृत्तांत आहे. २००४ च्या जूनमध्ये त्या त्याच्या त्सेंतोरोई या गावी गेल्या होत्या. वयाने तिशीही न गाठलेला, हाताशी बंदूकधारी माणसांचा ताफा असलेला हा तरुण समोर बसून धमक्या देतो, फुशारक्या मारतो, आणि क्रेमलिनने काय वाढवून ठेवले आहे हे त्या शांतपणे नोंदवतात. २००७ मध्ये तो चेचन्याचा अध्यक्ष झाला आणि २०२२ मध्ये त्याची पथके युक्रेनमध्ये लढायला गेली. त्याच युद्धामुळे महाराष्ट्रातली वैद्यकीय शिक्षण घेणारी मुले तळघरांत अडकली होती आणि आपल्या वर्तमानपत्रांची पहिली पाने काही दिवस खारकीव्ह आणि सुमी या नावांनी भरली होती. मुले परतली आणि ती नावे आतल्या पानांवर गेली.

शनिवार, ७ ऑक्टोबर २००६ रोजी दुपारी त्या बाजारहाट करून मॉस्कोतल्या लेस्नाया रस्त्यावरच्या आपल्या इमारतीत आल्या आणि लिफ्टमध्ये त्यांच्यावर चार गोळ्या झाडण्यात आल्या. त्या ४८ वर्षांच्या होत्या. चेचन्यातल्या छळाविषयी त्यांचा एक लेख अर्धवट होता. वृत्तपत्राने तो १२ ऑक्टोबरला तसाच छापला. त्यापूर्वी दोनच दिवस, जर्मनीच्या दौऱ्यावर असलेल्या पुतिन यांनी हत्येचा निषेध केला होता आणि त्याच दमात, देशाच्या राजकीय जीवनावर या बाईंचा प्रभाव अगदी नगण्य होता असेही म्हटले होते.

त्यानंतरची यादी वाचवत नाही, तरी ती द्यायला हवी. मार्केलोव्ह यांना १९ जानेवारी २००९ रोजी मॉस्कोच्या रस्त्यावर गोळ्या घातल्या गेल्या, बुदानोव्हच्या मुदतपूर्व सुटकेविरुद्ध पत्रकार परिषद घेऊन ते नुकतेच बाहेर पडले होते. त्यांच्याबरोबर असलेली अनास्तासिया बाबुरोवा ही ‘नोवाया गझेता’ची तरुण पत्रकारही मारली गेली. चेचन्यात पोलित्कोव्हस्काया यांना गावोगाव घेऊन जाणाऱ्या, साक्षीदार मिळवून देणाऱ्या नतालिया एस्तेमिरोवा यांना १५ जुलै २००९ रोजी ग्रोझ्नीतल्या घराजवळून पळवून नेले आणि त्याच दिवशी शेजारच्या इंगुशेतियात त्यांचे प्रेत सापडले. पोलित्कोव्हस्काया यांच्या नावाने सुरू झालेला पहिला पुरस्कार एस्तेमिरोवांनाच मिळाला होता. पुस्तकावर नाव एकीचे असते. पण दार उघडून देणारी, भाषांतर करणारी, कागद जपून ठेवणारी आणि वार्ताहर निघून गेल्यावर तिथेच राहणारी माणसे अशी असतात, हे या पुस्तकांच्या वाचकाने लक्षात ठेवले पाहिजे.

हत्येच्या खटल्यात २०१४ मध्ये पाच जणांना शिक्षा झाली, दोघांना जन्मठेप. त्याआधी २०१२ मध्ये, त्यांच्यावर पाळत ठेवण्याची व्यवस्था करणाऱ्या एका माजी पोलीस अधिकाऱ्याला ११ वर्षांची शिक्षा झाली होती. सुपारी कोणी दिली हे मात्र कधीच बाहेर आले नाही, आणि त्या दिशेने पुरेसा तपास केला गेला नाही असा निर्वाळा युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने जुलै २०१८ मध्ये दिला. रशियन कायद्याप्रमाणे अशा गुन्ह्याचा खटला भरण्याची १५ वर्षांची मुदत ७ ऑक्टोबर २०२१ रोजी भरली. दुसऱ्याच दिवशी ‘नोवाया गझेता’चे संपादक दिमित्री मुरातोव्ह यांना शांततेचे नोबेल जाहीर झाले, आणि हा पुरस्कार आपल्या मारल्या गेलेल्या सहकाऱ्यांचा आहे असे त्यांनी सांगितले. मार्च २०२२ मध्ये, युक्रेनवरच्या आक्रमणानंतर, त्यांना वृत्तपत्राची छपाई थांबवावी लागली आणि सप्टेंबरमध्ये त्याचा परवाना रद्द झाला.

शिक्षा झालेल्या पाच जणांत सर्गेई खाजिकुर्बानोव्ह हा माजी पोलीस अधिकारी होता. त्याला २० वर्षांची कैद होती. नोव्हेंबर २०२३ मध्ये बातमी आली की तुरुंगातून त्याला युक्रेनच्या आघाडीवर पाठवण्यात आले, करारातली मुदत त्याने पूर्ण केली म्हणून राष्ट्राध्यक्षांनी त्याला माफी दिली आणि तो नव्या करारावर सैन्यातच राहिला. पोलित्कोव्हस्काया यांची मुले आणि वृत्तपत्राचे संपादक मंडळ यांनी एकत्रितपणे निवेदन काढले. ही माफी म्हणजे घोर अन्याय आहे, असे त्यांनी लिहिले; ती देण्यापूर्वी किंवा दिल्यानंतर आपल्याला कोणी कळवले नाही, आणि बाकीच्या मारेकऱ्यांचा, मुख्य म्हणजे हुकूम देणाऱ्याचा, शोध कुठवर आला हेही कोणी कळवत नाही, असे त्यात पुढे होते.